क्यूबा : नेतृत्व व परराष्ट्रसंबंध

क्यूबात राष्ट्राध्यक्षापेक्षा कम्युनिस्ट पक्षाचा प्रथम सचिव वजनदार असतो. देशात कायदेशीर पक्ष हा एकच, आणि राज्यघटनेनेच त्याला समाज व शासन यांच्या शिरोभागी बसवले आहे.

१ जानेवारी १९५९ रोजी हुकूमशहा बातिस्ता परागंदा झाला आणि सत्ता फिदेल कास्त्रो यांच्या हाती आली. पुढे जवळजवळ अर्धे शतक ती त्यांच्याकडेच राहिली. २००८ मध्ये धाकटे बंधू राऊल राष्ट्राध्यक्ष झाले. २०१८ मध्ये ते पद त्यांनी मिगेल दिआस-कानेल यांना दिले, पण पक्षाचे सचिवपद २०२१ पर्यंत स्वतःकडे ठेवले. २०१९ च्या राज्यघटनेने पंतप्रधानपद पुन्हा आणले व राष्ट्राध्यक्षाला पाच-पाच वर्षांच्या दोनच मुदती दिल्या. त्याची निवड मात्र राष्ट्रीय सभा करते, जनता नव्हे. जुलै २०२१ मध्ये अन्न, औषधे व विजेच्या टंचाईने लोक रस्त्यावर आले तेव्हा शेकडोंना तुरुंगात डांबले गेले. ही बाजू झाकून क्यूबाचे कौतुक करता येत नाही.

अमेरिकेचा किनारा जेमतेम १५० किमी दूर. १९६१ चा पिग्स उपसागरावरील अमेरिकापुरस्कृत हल्ला फसला, १९६२ मध्ये अमेरिकेची व्यापारबंदी आली आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात क्यूबात ठेवलेल्या सोव्हिएत क्षेपणास्त्रांवरून जग अणुयुद्धाच्या तोंडाशी पोचले. २०१५ मध्ये राजनैतिक संबंध पुन्हा जुळले, तरी व्यापारबंदी उठली नाही. ग्वांतानामोचा नाविक तळही १९०३ च्या भाडेकरारावर अमेरिकेकडेच आहे.

साखर घेऊन तेल देणारा सोव्हिएत संघ १९९१ मध्ये कोसळला आणि क्यूबात उपासमारीसारखे दिवस आले. २००० च्या करारानंतर व्हेनेझुएलाचे तेल येऊ लागले. मोबदल्यात गेले ते डॉक्टर. वैद्यकीय पथके हेच आज या देशाचे सर्वांत मोठे परराष्ट्रीय भांडवल होय. २०१४ च्या इबोला साथीत ती पश्चिम आफ्रिकेत उतरली. या डॉक्टरांच्या पगाराचा मोठा वाटा सरकार ठेवून घेते, हा आक्षेपही खरा आहे.

भारताशी स्नेह जुना आहे. १९५९ च्या उन्हाळ्यात फिदेल यांचे क्रांतीतील सहकारी चे गेव्हारा दिल्लीत नेहरूंना भेटले. मार्च १९८३ मध्ये अलिप्ततावादी चळवळीचे अध्यक्षपद सोपवताना फिदेल यांनी विज्ञान भवनाच्या व्यासपीठावर इंदिरा गांधींना मिठीच मारली. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत १९९२ पासून येणाऱ्या व्यापारबंदीविरोधी ठरावांनाही भारत पाठिंबा देत आला आहे.