बळीची विहीर कुठली, पोहायची कुठली?

अमेरिकेतल्या आपल्या मंडळींचे नाताळच्या सुट्टीतले फोटो चाळलेत तर एक ओळ हमखास सापडते: "मायांच्या बळीच्या विहिरीत पोहून आलो!" सोबत गोल, खोल पाण्याचा फोटो, वरून लोंबणाऱ्या वेली आणि लाइफ जॅकेट घातलेली चार ओळखीची डोकी. फोटो खरा, पोहणंही खरं. विहीर मात्र दुसरीच.

माया म्हणजे मेक्सिको-ग्वातेमालाकडचे मूळ लोक. मेक्सिकोतल्या कांकूनहून सकाळी निघणाऱ्या 'चिचेन इत्सा आणि सेनोते' या एका दिवसाच्या सहलीत दोन सेनोतेंचा संबंध येतो. सेनोते म्हणजे चुनखडीचं छत ढासळून उघडं पडलेलं जमिनीखालचं पाणी. पहिलं चिचेन इत्सा या मायांच्या जुन्या शहराच्या अवशेषांच्या आवारातच आहे, सेनोते साग्रादो, म्हणजे पवित्र सेनोते. त्यात माणसं गेली, सोनं गेलं, जेड गेलं, धूप गेला. आज तिथे फक्त काठावरून डोकावता येतं. दुसरं तिथून तीनेक किलोमीटरवरचं इक किल. तिकीट काढायचं, शॉवर घ्यायचा आणि उडी मारायची ती इथे. गाइड बसमध्ये बळीची गोष्ट रंगवून सांगतो, दोनतीन तासांनी आपण पाण्यात असतो, आणि घरी पोचेपर्यंत दोन्हींची मिसळ झालेली असते. काही गाइड ती होऊही देतात. गोष्ट जितकी थरारक, तितकी बक्षिसी बरी.

लोकांना तरी का दोष द्यावा? दोन्ही सेनोते जवळजवळ गोल. दोन्हींचा व्यास साठ मीटरच्या आसपास, भिंती सरळ उभ्या, आणि पाणी जमिनीपासून वीस-पंचवीस मीटर खाली. नुसत्या फोटोवरून चटकन फरक सांगता येणार नाही.

यातलं पाणी किती खाली लागतं याचं साम्य योगायोगाने आलेलं नाही. हा सगळा भाग युकातान द्वीपकल्पातला, आणि त्याच्या उत्तर भागात जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. आपल्याकडे सह्याद्रीच्या काळ्या कातळावर पडलेला पाऊस ओढ्यानाल्यांतून धावत सुटतो. तिथली चुनखडी तो पिऊन टाकते. हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड मिसळून पावसाचं पाणी किंचित आम्ल होतं, खडक विरघळवत खाली उतरतं आणि हजारो-लाखो वर्षांत खाली पोकळ्या आणि बोगदे कोरतं. एखाद्या पोकळीवरचं छत फार पातळ झालं की कोसळतं. मग वर गोल खड्डा आणि तळाशी दिसतं ते भूजल. प्रदेश पाटासारखा सपाट, त्यामुळे शेजारच्या दोन सेनोतेंत पाणी साधारण एकाच पातळीला लागतं. समुद्राकडे, तुलुमच्या बाजूला गेलात की तेच पाणी जमिनीच्या जेमतेम काही मीटर खाली असतं, म्हणून तिथली सेनोते उथळ, मोकळी आणि लहान मुलांना घेऊन जायला सोपी वाटतात.

याच बसमध्ये दुसरा गैरसमजही फुकट मिळतो: सेनोते उल्केच्या आघाताने पडली. लोणार पाहिलेल्या मराठी माणसाला हे लगेच पटतं, आणि इथेच फसायला होतं. डायनासोरांचा काळ संपवणारी ती प्रचंड उल्का सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी युकातानच्या किनाऱ्यावरच, चिक्शुलुबला आदळली, हे खरं. तिचं जवळपास १८० किलोमीटर व्यासाचं विवर आज गाळाच्या खडकांखाली गाडलेलं आहे. त्या गाडलेल्या कडेच्या वर, मेरिदा शहराच्या भोवताली, सेनोतेंची एक लांबलचक कमान दिसते, कारण कडेच्या अनुरोधाने भूजलाला वाहायला वाट मिळाली. म्हणजे उल्केने ठरवली ती फार तर काही सेनोतेंची रांग. खड्डे पाडले पाण्यानेच, आणि तेही कोट्यवधी वर्षांनंतर. लोणारचा खड्डा मात्र थेट उल्केने पाडलेला, तोही बेसाल्टमध्ये. जाता जाता एक: महाराष्ट्राचा हा बेसाल्ट ज्या उद्रेकांतून आला, तेही साधारण त्या मेक्सिकन आघाताच्याच काळातले.

आता साग्रादो. कुकुल्कान या नागदेवाच्या पिरॅमिडच्या उत्तरेकडून एक सरळ, उंचावलेला रस्ता निघतो. माया लोक अशा चुनखडीच्या रस्त्याला साक्बे म्हणतात. हा तीनेकशे मीटरचा आहे. आज त्याच्या दोन्ही बाजूंना दुकानं लागलेली असतात: लाकडी मुखवटे, भरतकामाचे झगे, काळ्या दगडाचे पिरॅमिड आणि फुंकलं की जग्वारसारखी डरकाळी फोडणाऱ्या शिट्ट्या. ही डरकाळी चारी बाजूंनी ऐकत तुम्ही टोकाला पोचता आणि समोर एकदम जमीन संपते. काठावर एका लहान दगडी वास्तूचे अवशेष, बाष्पस्नानाच्या खोलीचे. खाली शेवाळाचं गडद हिरवं, निश्चल पाणी. उतरायला पायऱ्या नाहीत. बरेच जण "एवढंच?" म्हणतात, एक फोटो काढतात आणि शिट्टीचा भाव करायला वळतात.

पण त्या हिरव्या पाण्याखाली जे मिळालं ते युकातानमधल्या क्वचितच एखाद्या ठिकाणी मिळालं असेल. सोळाव्या शतकातला स्पॅनिश धर्मगुरू दिएगो दे लांदा याने लिहून ठेवलं होतं की दुष्काळात इथे जिवंत माणसं देवाला वाहत आणि मौल्यवान वस्तूही टाकत. हाच लांदा, ज्याने १५६२ साली मानी गावात मायांच्या पोथ्या जाळल्या. म्हणजे जाळणाऱ्याचंच लिखाण आता आपल्याला साक्षीला लागतं. एडवर्ड टॉम्प्सन या अमेरिकन माणसाने ते खरं मानलं, १८९४ साली चिचेन इत्साची अख्खी जहागीरच विकत घेतली आणि १९०४ पासून काठावर यारी बसवून तळाचा गाळ उपसायला लागला. पुढे डायव्हिंगचा पोशाख चढवून स्वतःही खाली उतरला. वर आलं ते असं: धूप म्हणून जाळायच्या कोपाल राळेचे गोळे, जेडचे मणी, तांब्याच्या घंटा, लढाईची चित्रं ठोकून काढलेल्या सोन्याच्या चकत्या, लाकूड, कापडाचे तुकडे आणि माणसांची हाडं. युकातानात सोन्याची खाण नाही. इथलं बरंचसं सोनं आजच्या कोस्टारिका-पनामाच्या बाजूने आलेलं, जेड ग्वातेमालाचं. एवढ्या लांबून वस्तू आणायची आणि पाण्यात सोडून द्यायची, असा हा नवस होता.

टॉम्प्सनने यातला मोठा वाटा हार्वर्डच्या पीबडी संग्रहालयाकडे रवाना केला. मेक्सिकोने १९२६ साली त्याची जमीन जप्त केली, पण १९४४ साली तिथल्याच सर्वोच्च न्यायालयाने निकाल त्याच्या बाजूने दिला. तोवर तो वारला होता. काही वस्तू नंतर हार्वर्डने परत केल्या. १९६० च्या दशकात मेक्सिकन पाणबुडे पुन्हा उतरले, आणि त्यांनी पाणी उपसून पाहिलं, क्लोरीन घालूनही पाहिलं. देवाचं पाणी स्विमिंग पूलसारखं नितळ करायचा तो बेत मला आजही अफाट वाटतो.

टॉम्प्सनला तळाशी चारएक मीटर जाडीचा निळा गाळ लागला होता. निळा का, हे कळायला जवळपास शंभर वर्षं गेली. शिकागोच्या फील्ड संग्रहालयात याच सेनोतेतून आलेलं एक तिपायी वाडगं पडून होतं, आत कोपालचा थर तसाच. २००८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात संशोधकांनी तो सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला तर त्यात 'माया निळ्या' रंगाचे दोन्ही घटक सापडले: नीळ आणि पालिगोर्स्काइट नावाची पांढरी चिकणमाती. धूप जाळता जाळताच, त्याच आचेवर हा रंग काठावर तयार होत असावा, असा त्यांचा निष्कर्ष. लांदानेही लिहिलंय की बळी द्यायच्या माणसाला निळं रंगवत. पर्जन्यदेव चाक याचा हा रंग. वर्षानुवर्षं रंगवलेल्या वस्तू आणि माणसं पाण्यात जात राहिली, रंग सुटून तळाशी बसत राहिला.

आणि माणसं कोण? गाइडच्या गोष्टीत बहुतेक वेळा 'सुंदर कुमारिका' असतात. सेनोतेतल्या हाडांचा अभ्यास झाला तेव्हा पुरुष निघाले, बायका निघाल्या आणि मुलं तर बरीच निघाली. इथे आणखी एक घोटाळा होतो तोही सांगून टाकतो. २०२४ साली बातमी गाजली की चिचेन इत्सात बळी दिलेल्या ६४ मुलांच्या डीएनएवरून ती सगळी मुलगेच असल्याचं आणि त्यांत एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या असल्याचं कळलं. ती हाडं साग्रादोतली नव्हेत. जवळच १९६७ साली सापडलेल्या, जमिनीखालच्या पाणी साठवायच्या एका टाकीतली ती आहेत. तेव्हा बातमीत विहीर असं वाचून पाण्याकडे बोट दाखवू नका.

मग शहर पाणी कुठलं प्यायचं? त्यासाठी आवारातच तिसरं सेनोते आहे, श्तोलोक, पिरॅमिडच्या दक्षिणेला वेधशाळेच्या वाटेवर. रोजचं पाणी बहुधा तिथलं. गाइड सहसा तिकडे नेत नाहीत.

इक किलकडे वळलं की सगळा नूर बदलतो. आधी लॉकर, मग सक्तीचा शॉवर, मग सक्तीचं लाइफ जॅकेट. कातळातून वळणं घेत उतरणाऱ्या दगडी पायऱ्या ओल्या आणि गुळगुळीत. रबरी तळव्याच्या चपला लागतात, हॉटेलातल्या सपाता चालत नाहीत. मध्ये एके ठिकाणी भिंतीला खिडकीसारखी जागा आहे, तिथून खाली पाहिलं तर वरच्या झाडांची मुळं आणि वेली दोरखंडासारख्या थेट पाण्यापर्यंत लोंबताना दिसतात, आणि त्यांच्या टोकांवरून पाणी ठिबकत असतं. पाणी गार, सावलीत काळसर निळं, सूर्य डोक्यावर आला की हिरवंनिळं. पायाखाली काळे, मिशाळ मासे फिरतात, ते काही करत नाहीत. खोली मात्र चाळीस मीटरहून जास्त. पाय टेकायला कुठेही तळ नाही, हे पोहता न येणाऱ्यांनी उतरण्याआधी मनात पक्कं करावं. जॅकेट घालून काठच्या दोराला धरून राहिलं तरी मजा येते. उड्या मारायला कट्टा आहे. रेड बुलच्या उंचावरून उड्या मारायच्या स्पर्धाही इथे झाल्या आहेत. शेपटीच्या टोकाला दोन पिसांचे झुबके असलेला 'तोह' पक्षी अशा सेनोतेंच्या भिंतीत घरटं करतो. इक किलच्या गोंगाटात तो दिसला तर नशीब.

सनस्क्रीन धुवायला लावतात त्याची पुष्कळ जण कुरकुर करतात. पण साग्रादो, इक किल आणि आसपासच्या गावांच्या विहिरी हे सगळं एकाच भूजलावर उभं आहे. तुम्ही अंगावरून सोडलेलं लोशन कुणाच्या तरी पिण्याच्या पाण्यातच जाणार. तिथे माणसं राहतात, आणि ती मायाच आहेत. युकातानी माया भाषा आजही सात लाखांहून अधिक लोक बोलतात. "माया संस्कृती अचानक नाहीशी झाली" हे वाक्य शिट्टी विकणाऱ्या माया बाईसमोर उभं राहून बोलायला जरा धाडसच लागतं.

सहल निवडताना काही गोष्टी पाहाव्या. चिचेन इत्सा युकातान राज्यात आहे आणि तिथलं घड्याळ कांकूनच्या एक तास मागे असतं. जाताना एक तास हाती लागतो, येताना जातो, आणि परतीचं विमान त्याच रात्री असेल तर हा हिशेब महागात पडतो. कांकूनहून अंतर सुमारे २०० किलोमीटर, म्हणजे एका बाजूला अडीच तास धरा. तिकीट दोन भागांत लागतं, एक केंद्रीय पुरातत्त्व खात्याचं आणि एक राज्याचं. स्वस्त सहलीच्या जाहिरातीत बहुतेकदा ते धरलेलं नसतं. पिरॅमिडवर चढणं २००६ पासून बंद आहे, तेव्हा कुणी 'चढता येईल' म्हणालं तर तिथूनच काय ते समजावं. भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा वैध व्हिसा असेल तर पर्यटनासाठी मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही, म्हणून तर आपली मंडळी तिथे इतकी दिसतात.

क्रमही विचारा. दुपारी अकरा ते दोन इक किलमध्ये बसेसचा लोंढा असतो आणि पायऱ्यांवर रांग लागते. सकाळी उघडल्या उघडल्या अवशेष आणि दुपार कलल्यावर पोहणं, हा माझ्या मते बरा क्रम. काही जण आधी पोहायला नेतात. तेही चालेल, पण मग भर उन्हात, एकही सावली नसलेल्या पटांगणात पिरॅमिड बघावा लागतो.

आणि बुकिंग करतानाच विचारून घ्या, साग्रादोपर्यंत चालत नेणार का. बरेच गट पिरॅमिड आणि चेंडूच्या खेळाचं मैदान एवढ्यावर दोन तास संपवतात आणि 'उरलेला वेळ तुमचा' म्हणून सोडून देतात. नेणार नसतील तर तो उरलेला वेळ तिकडेच घाला: पिरॅमिडकडे पाठ करून उत्तरेला, शिट्ट्यांच्या मधून सरळ, जाऊन-येऊन अर्धा तास.