बाळाचे फोटो: स्टुडिओपासून कलम ३ पर्यंत

दर महिन्याला बाळाची प्रगती टिपायची पद्धत मोबाइलने आणली असं वाटतं, पण तिची मुळं प्रयोगशाळेत आहेत. १८९५ मध्ये फ्रान्समध्ये लेकीला भरवणाऱ्या आईबापांची मिनिटभराचीही नसलेली फिल्म निघाली, ती घरगुती कौतुकाची. वाढ तपासायला कॅमेरा पद्धतशीर वापरला तो १९२०च्या दशकापासून अमेरिकेत, येल विद्यापीठात. घुमटाखाली बाळ, त्याला न दिसणारे निरीक्षक. १९३४ मध्ये त्यातल्या सुमारे ३,२०० छायाचित्रांचा संग्रह छापला गेला.

आपल्याकडे हे खातं स्टुडिओवाल्याचं. बाळाला पालथं घालायचं, ते मान वर उचलेपर्यंत कॅमेऱ्यामागून कुणीतरी खुळखुळा वाजवायचा. कृष्णधवल फोटोतही गालावरची तीट ठसठशीत दिसते. घरात कॅमेरा आला तरी ३६ फोटोंचा रोल पुरवून पुरवून वापरायचा, म्हणून गणपती, बोरन्हाण आणि पहिला वाढदिवस एकाच रोलवर सापडतात. नंतर व्हिडिओ शूटिंगवाले आले. त्या कॅसेटींपैकी कितीतरी बुरशीने खाल्ल्या.

डिजिटल कॅमेऱ्याने फोटो मोजणं थांबवलं आणि समाजमाध्यमांनी ते घराबाहेर नेले. खरा गुंता इथून पुढे आहे. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात अठराखालचं प्रत्येकजण 'मूल' आहे. त्याचा डेटा वापरायला कंपनीला पालकांची पडताळणीयोग्य संमती लागते. पण कलम ३ मध्ये व्यक्तीने वैयक्तिक किंवा घरगुती कारणासाठी केलेला वापर वगळला आहे. रांगत्या बाळाचं रील टाकून जाहिरातीचे पैसे घेतले, तर ते घरगुती म्हणायचं का? त्याच कलमात आणखी एक सूट आहे: 'डेटा प्रिन्सिपल'ने, म्हणजे ज्याचा डेटा त्याने, स्वतःच सार्वजनिक केलेली माहितीही कायद्याबाहेर. आणि मुलाच्या बाबतीत या व्याख्येत आईवडीलही येतात! म्हणजे बापाने अंघोळीचा फोटो जगजाहीर केला, तर तो बाळानेच केला असा अर्थ निघू शकतो. मसुदा करणाऱ्यांना हे अभिप्रेत नसेलही, पण शब्दांना ही पळवाट आहे.

फ्रान्सने फेब्रुवारी २०२४ च्या कायद्याने मुलाचा खासगीपणा जपणं हे पालकत्वाच्याच जबाबदारीत घातलं. आईवडिलांचं एकमत नसेल, तर एकाला दुसऱ्याच्या संमतीशिवाय मुलाचे फोटो टाकायला न्यायाधीश मनाई करू शकतात. आपल्या २०२३ च्या कायद्यात असं कलम नाही.