बटरमध्ये तेल घातलं तरी बटर जळतंच!

परवा स्टेकच्या (मांसाचा जाड काप) एका व्हिडिओत परत तेच ऐकलं, "बटरमध्ये चमचाभर तेल घाला, म्हणजे बटर जळत नाही." इतक्या जणांनी इतक्यांदा सांगितलंय की कोणी तपासायच्या भानगडीत पडत नाही. मी एकदा दोन छोटे पॅन शेजारी शेजारी ठेवले, एकात नुसतं बटर, दुसऱ्यात निम्मं बटर निम्मं रिफाइंड तेल, आच सारखीच. काळे कण दोन्हीकडे आले. तेलवाल्यात विरळ होते म्हणून कमी दिसले, एवढंच.

कारण बटर म्हणजे निव्वळ फॅट नाहीच. साधारण ८० टक्के फॅट, १६-१८ टक्के पाणी आणि उरलेलं एक-दोन टक्के म्हणजे दुधातली प्रोटीन्स आणि लॅक्टोज, म्हणजे दुधातली साखर. १५० डिग्रीच्या आसपास करपायला लागतं ते हे एक-दोन टक्के! त्यांना शेजारी कोण बसलंय याच्याशी काय देणंघेणं, त्यांना फक्त तापमान कळतं. तेच बटर कढवून गाळून त्याचं तूप केलं की कण गेले, आणि मग तेच फॅट २५० डिग्रीच्या आसपासपर्यंत तग धरतं.

आता स्टेकला एवढी उष्णता लागते कशाला? ती खरपूस तपकिरी साल मायार रिॲक्शनमुळे येते (फ्रेंच केमिस्ट लुई-कामीय मायारने १९१२ मध्ये मांडलेली), आणि ती साधारण १४० डिग्रीच्या पुढे जोर धरते. पण मांसावर पाणी असेपर्यंत तिथलं तापमान १०० च्या वर सरकतच नाही. एक ग्रॅम पाण्याची वाफ करायला सुमारे २२६० ज्यूल जातात, ते पाणी उकळीपर्यंत आणायला लागतात त्याच्या सहा-सात पट! म्हणून आधी स्टेक टिपून कोरडा करा आणि पॅन २०० च्या पुढे न्या. तेलाचं कामही नुसतं चिकटू न देण्याचं नाही. मांस खडबडीत असतं, त्याच्या आणि पॅनच्या मधल्या फटींत हवा अडकते, आणि तेल हवेपेक्षा सहा-एक पट चांगली उष्णता वाहून नेतं.

आता माझा लाडका विषय, धूर. तेलाचा रेणू म्हणजे ग्लिसरॉलची छोटी दांडी आणि तिला लटकलेली तीन लांब फॅटी ॲसिड्स. असा अख्खा रेणू इतका जड की सहजी उडत नाही. पण उष्णता आणि पाणी मिळून एखादं ॲसिड तोडतात, ते सुटं झालेलं ॲसिड मूळ रेणूपेक्षा बरंच लवकर उडतं आणि धूर दिसायला लागतो. म्हणजे तेलात सुटी ॲसिड्स जितकी जास्त तितका धूर लवकर, वापरलेलं तेल लवकर धुरतं त्याचं एक मोठं कारण हेच. रिफायनिंगमध्ये अल्कली घालून ही ॲसिड्स साबण करून काढून टाकतात, म्हणून रिफाइंड तेल जास्त टिकतं. तिन्ही ॲसिड्स गेली की उरतं ग्लिसरॉल, त्यातून पाण्याचे दोन रेणू निघून गेले की बनतं ॲक्रोलीन, आणि जळक्या तेलाच्या धुराने डोळे चुरचुरतात ते ह्याच्यामुळे.

त्यामुळे "कोल्ड प्रेस्ड म्हणजे सगळ्यालाच भारी" ही जाहिरातबाजी इथे चालत नाही, कोल्ड प्रेस्ड तेल रिफाइन केलेलं नसतं. एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह तेल साधारण १९०-२०० ला धुरायला लागतं, आणि त्याचा जो वास आवडतो म्हणून पैसे मोजता तो एवढ्या आचेवर उडूनच जातो. रिफाइंड सूर्यफूल, रिफाइंड ॲव्होकाडो किंवा तूप घ्या, विषय संपला.

आणि हो, "कडक आचेवर भाजलं की रस आत सील होतो" ही अजून एक अंधश्रद्धा, एकोणिसाव्या शतकात लीबिगसारख्या बड्या केमिस्टमुळे पसरलेली. सील झालं असतं तर तो चर्रर्र आवाज कसला येतोय? पाणीच बाहेर येऊन उडतंय की!

बटरची चव हवी तर शेवटच्या मिनिटाला, आच कमी करून घाला. आधी फेस येतो, ते पाणी उडत असतं. फेस बसला की कण तपकिरी व्हायला लागतात आणि भाजलेल्या दाण्यांसारखा वास येतो. तेव्हा चमच्याने ते स्टेकवर ओतत राहा आणि लगेच काढा, कारण तिथून काळं व्हायला काही सेकंदच लागतात.