दिसणारा, पण ऐकू न येणारा वऱ्हाडी मुसलमान

मुसलमान समाजावर माहितीपट करायला विदर्भातल्या खेड्यात उतरलेली मंडळी आधी दर्गा कुठे ते विचारतात. त्यांचं चुकत नाही, आमच्याकडचे दर्गे आहेतच तसे. बुलडाणा जिल्ह्यात सैलानीला नारळांची होळी पेटते. वर्धा जिल्ह्यातल्या गिरडच्या टेकडीवर शेख फरीद बाबांची टर उडवणाऱ्या व्यापाऱ्यांचा माल दगड झाल्याची गोष्ट सांगतात आणि पुरावा म्हणून गोल दगडही दाखवतात. (भूगर्भवाले त्यांना झिओलाइट म्हणतात, पण ते विचारतो कोण!) कॅमेऱ्याला आणखी काय हवं?

गोष्ट मात्र दर्ग्यापासून सुरू होत नाही. चिखलदऱ्याजवळ गाविलगडाच्या दिल्ली दरवाजावर गंडभेरुंड कोरलाय: दोन तोंडांचा पक्षी, चोचींत हत्ती. विजयनगरचं हे चिन्ह मुसलमान सुलतानाच्या दारावर कसं आलं? १४९० मध्ये अचलपूरला इमादशाही थाटणारा फत्तेउल्ला मूळचा विजयनगरकडचा हिंदू, पोरवयात कैद होऊन आलेला, असं इतिहासकार फिरिश्ता लिहितो. पुढे वऱ्हाड १५७४ मध्ये अहमदनगरकडे, १५९६ मध्ये मोगलांकडे, मग निजामाकडे आणि १८५३ मध्ये इंग्रजांच्या ताब्यात गेलं. गावातला मुसलमान पिंजारी, अत्तार, कास्तकार म्हणून जागच्या जागीच राहिला.

एवढ्या शतकांचं खरं दप्तर म्हणजे बोली. वऱ्हाडी माणूस 'काय करून राह्यला?' विचारतो, त्यात 'कर रहा है' येऊन बसलंय. उलट शेजारचा मुसलमान म्हणतो, 'मेरेकू काहून पूछ रहे?' त्यातलं 'काहून' आमचं. कोण कोणात मिसळलं, हे इथे कुणी मोजून दाखवावं.

नेमकी हीच बोली पडद्यावर आली नाही. माहितीपट काढणारी सरकारी फिल्म्स डिव्हिजन १९४८ मध्ये सुरू झाली आणि तिचे अनुबोधपट मुख्य सिनेमाआधी दाखवणं थिएटरांना बंधनकारक होतं. एकात्मतेचा विषय निघाला की ईद, दिवाळी, नाताळ एका दमात, वर निवेदकाचा भारदस्त आवाज. माणूस दिसायचा, बोलायचा निवेदक. १९९२ नंतर स्वतंत्र दिग्दर्शक कॅमेरा घेऊन दंगलीच्या शहरांत गेले तेव्हा मुसलमान स्वतः बोलू लागला, पण बहुतेकदा शहरातला आणि झालेल्या जखमेबद्दलच. मराठीत सुधारणेची बाजूही आली. १९६६ मध्ये तोंडी तलाकच्या विरोधात सात महिलांना घेऊन विधिमंडळावर मोर्चा नेणाऱ्या हमीद दलवाईंवर ज्योती सुभाष यांनी माहितीपट केला. काम मोलाचं, पण दलवाई चिपळूणकडचे. वऱ्हाड तिथेही नाही.

उन्हाळ्यात गाद्या पिंजायला पिंजारी दारात यायचा. पिंजणाच्या तातेवर ठोका पडला की घरभर घुमायचं, कापसाचे तंतू नाकातोंडात जायचे आणि आजी त्याच्याशी भावावरून हुज्जत घालायची, तो हिंदीत, ती वऱ्हाडीत. आता फोमच्या गाद्या आल्या. ती हुज्जत कुठल्या अनुबोधपटाच्या ध्वनिपट्टीवर मी तरी ऐकलेली नाही.