उजनी 'शून्य टक्के' म्हणजे कोरडं नव्हे

दर उन्हाळ्यात उजनी 'मायनस'मध्ये गेलं की धरण आटल्याची बोंब उठते. पण शून्य म्हणजे तळ नव्हे. भीमेवरच्या या यशवंतसागर जलाशयाची एकूण क्षमता सुमारे 117 टीएमसी (अब्ज घनफूट). त्यातले जवळपास 64 टीएमसी मृतसाठा, उरलेले 53 उपयुक्त. टक्केवारी मोजतात ती फक्त उपयुक्त साठ्याची; तो संपून मृतसाठा कमी होऊ लागला की आकडा उणे होतो. निम्म्याहून जास्त धरण हिशेबाबाहेरच!

2024च्या जूनमध्ये उजनी उणे 60 टक्क्यांच्या घरात गेलं, तेव्हाही कागदोपत्री 31-32 टीएमसी पाणी शिल्लक होतं. पुण्याची खडकवासला साखळीतली चारही धरणं काठोकाठ भरली तरी 29च होतात. अर्थात उजनीच्या आकड्यात गाळही आला, आणि तो थोडाथोडका नाही.

'मृत' या शब्दाने घोळ केलाय. पाणी खराब झालं, असा त्याचा अर्थ नाही. पातळी कालव्याच्या तोंडाखाली गेली की पाणी आपसूक कालव्यात येत नाही, एवढंच. ती आणखी घसरली की सोलापूरसाठी दुबार पंपिंग, म्हणजे पाणी दोनदा उपसणं, करावं लागतं. पळसदेवचं जुनं मंदिर उघडं पडल्याचे फोटो फिरतात, तेव्हाही खोल पात्रात पाणी असतंच.