पोस्टगेम (पोकेमॉन)

पोकेमॉन व त्या धर्तीच्या, प्राणी पकडून जमवण्याच्या व्हिडिओ गेममध्ये मुख्य कथा संपल्यावर जो खेळ शिल्लक राहतो, त्याला खेळाडू पोस्टगेम म्हणतात. कथेचा साचा जवळपास ठरलेला: आठ जिममधल्या प्रमुखांना हरवून आठ बॅज, मग एलिट फोर म्हणजे चार कसलेले प्रतिस्पर्धी, शेवटी चॅम्पियन. चॅम्पियन हरला की संघातल्या पोकेमॉनची नावे हॉल ऑफ फेममध्ये नोंदली जातात, श्रेयनामावली वर सरकते आणि खेळाडू परत आपल्या गावी येतो. तोवर प्रत्येक वळणावर कोणीतरी पुढची वाट दाखवत असते. इथून पुढे कोणी दाखवत नाही. राहिलेले पोकेमॉन पकडून पोकेडेक्स ही त्यांची नोंदवही पूर्ण करणे, बंद असलेल्या गुहा-बेटांवर जाणे, ब्रीडिंग म्हणजे जोड्या जमवून अंडी काढणे, वेगळ्या रंगाच्या शायनी पोकेमॉनचा शोध, बॅटल टॉवरसारखी आव्हाने, इतरांशी लढती आणि अदलाबदल, असे सगळे त्यात येते.

कथा एकट्याने पुरी करता येते, पोस्टगेम बहुधा येत नाही. त्यासाठी दुसरा खेळाडू, दुसरी आवृत्ती, नाहीतर कंपनीने वाटलेली एखादी खास भेट लागते. मुंबईत हा खेळ बहुतेकांच्या हाती आला तो नेमका या तिन्हींवाचून, आणि त्यामुळे इथल्या पोस्टगेमने आपली वेगळीच वाट धरली.

मूळ आराखडा

गेम फ्रीक कंपनीचे ‘रेड’ आणि ‘ग्रीन’ हे पहिले दोन खेळ जपानमध्ये २७ फेब्रुवारी १९९६ रोजी निन्टेन्डोच्या गेम बॉय या हातात धरायच्या यंत्रासाठी आले. मालिकेचे जनक सातोशी ताजिरी यांना लहानपणी किडे जमवण्याचा नाद होता, आणि केबलने जोडलेल्या दोन गेम बॉयमधून प्राण्यांची देवघेव व्हावी ही कल्पना खेळाच्या मुळाशीच आहे. म्हणून काही पोकेमॉन एकाच आवृत्तीत सापडतात. कडाब्रा, मॅचोक, ग्रॅव्हलर आणि हॉन्टर तर दुसऱ्याला दिल्याशिवाय पुढच्या रूपात जातच नाहीत.

त्या खेळात कथेनंतर उघडणारी मोठी जागा एकच, सेरुलियन शहराजवळची गुहा. तिच्या टोकाशी ७० व्या लेव्हलचा म्यूटू उभा असतो. त्याच्यासमोर आधी सेव्ह करायचे आणि मगच बटण दाबायचे, हे कोणी शिकवावे लागत नाही. पोकेमॉन पकडताना कधीही न चुकणारा मास्टर बॉल एकच मिळतो. तो म्यूटूसाठी राखावा की आधीच वापरून मोकळे व्हावे यावर वाद आहेत, पण राखणारेच शहाणे. दीडशे पोकेमॉन जमले की सेलाडॉन शहरातल्या इमारतीत, खुद्द खेळ बनवणाऱ्यांच्या हातून प्रशस्तिपत्र मिळते. १५१ वा म्यू त्यात धरत नाहीत. शिगेकी मोरिमोतो यांनी तो अगदी शेवटी, तपासणीची साधने काढल्यावर रिकाम्या झालेल्या सुमारे ३०० बाइटच्या जागेत बसवला होता.

पोस्टगेम किती मोठा असू शकतो हे दाखवले ते १९९९ च्या ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ने. एलिट फोर जिंकल्यावर आधीच्या खेळातला कांटो प्रदेश उघडतो, आणखी आठ बॅज मिळवता येतात आणि शेवटी माउंट सिल्व्हरवर पहिल्या खेळाचा नायक रेड भेटतो. तो बोलत काहीच नाही, ८१ व्या लेव्हलचा पिकाचू पुढे करतो. नंतरच्या फार थोड्या खेळांना ही उंची गाठता आली आहे.

दुसरा मानबिंदू २००४ च्या ‘एमराल्ड’मधला बॅटल फ्रंटियर. त्यात सात वास्तू आहेत आणि प्रत्येकीचे नियम निराळे. फॅक्टरीत स्वतःचे पोकेमॉन चालत नाहीत, भाड्याने मिळालेल्यांवर लढावे लागते. पॅलेसमध्ये हुकूम देताच येत नाही, पोकेमॉन आपापल्या स्वभावाप्रमाणे लढतो. टॉवरमध्ये लागोपाठ ३५ लढतींना चांदीचे चिन्ह आणि ७० ला सोन्याचे. कथेत जो संघ अजिंक्य वाटतो तो इथे बारा-पंधरा लढतींत गार होतो, कारण कथेतले विरोधक मुद्दाम कच्चे ठेवलेले असतात हे तेव्हा कळते. पुढे २०१४ मध्ये ‘एमराल्ड’च्याच प्रदेशाचे नवे रूप आले तेव्हा त्यात फ्रंटियर नव्हता, फक्त त्याचे एक छोटे प्रतिरूप मांडून ठेवले होते. जुने खेळाडू त्यावर अजून चिडून बोलतात.

मुंबईत

कार्टून नेटवर्कवर हिंदीतून लागणाऱ्या मालिकेमुळे पोकेमॉन इथल्या घराघरांत माहीत झाला, पण खेळायचे यंत्र फारच थोड्यांकडे होते. परदेशातून कोणी आणले तर, नाहीतर हाजी अलीच्या हिरा पन्नासारख्या आयात मालाच्या बाजारात, आणि तेही मध्यमवर्गीय घराला न परवडणाऱ्या भावात. बाकीच्यांनी ‘फायररेड’ (पहिल्या ‘रेड’चे नवे रूप) आणि ‘एमराल्ड’ खेळले ते एम्युलेटरमध्ये, म्हणजे खेळाच्या यंत्राची नक्कल करणाऱ्या कॉम्प्युटरवरच्या प्रोग्राममध्ये. फाइल मित्राच्या पेन ड्राइव्हवरून किंवा सायबर कॅफेतून आलेली, अर्थातच अनधिकृत. पुढे स्वस्त अँड्रॉइड फोन आले आणि तोच खेळ लोकलमध्ये, एका हाताने कडी धरून दुसऱ्या हाताने खेळला जाऊ लागला.

‘फायररेड’चा पोस्टगेम या वाटेने आलेल्यांना अनेकदा दिसलाच नाही. एम्युलेटरमध्ये सेव्हचा प्रकार १२८ किलोबाइट फ्लॅश असा ठरवून द्यावा लागतो. ६४ वर राहिला तर कथा बिनबोभाट पुढे सरकते आणि चॅम्पियनला हरवून हॉल ऑफ फेम झाल्यावर पडदा पांढरा होतो, तो पांढराच राहतो. पुन्हा सुरू केले की खेळाडू एलिट फोरच्या दाराशी. पुष्कळ पोरांची समजूत होती की खेळ इथेच संपतो. उपाय सेटिंगमधली एक टिचकी, पण तो सांगणारा कोणीतरी वरच्या वर्गातला मुलगा भेटावा लागे.

ज्यांचा सेव्ह टिकला त्यांच्यापुढे सेव्ही बेटे होती. ६० जातींचे पोकेमॉन जमवल्यावर प्रोफेसर ओक राष्ट्रीय पोकेडेक्स देतात. मग बेटांवर हिंडून माणिक आणि नीलम अशी दोन रत्ने आणून सेलिओ नावाच्या तंत्रज्ञाला द्यायची की त्याचे यंत्र दुरुस्त होते. ते दुरुस्त झाल्यावरच म्यूटूच्या गुहेवरचा पहारा हटतो आणि ‘रूबी’, ‘सफायर’ या दुसऱ्या खेळांशी अदलाबदल सुरू होते. एकट्याने एम्युलेटरवर खेळणाऱ्याला या दुरुस्तीचा अर्धा फायदा कधीच मिळत नाही. यंत्र चालू झाले, पण पलीकडे आहे कोण?

इथून तीन पळवाटा निघाल्या. पहिली, केबलची नक्कल करणाऱ्या एम्युलेटरच्या दोन खिडक्या एकाच कॉम्प्युटरवर उघडून स्वतःचा स्वतःशीच व्यवहार करणे; असा मिळवलेला गेंगार (हॉन्टरचे पुढचे रूप) दोस्तांना दाखवायला पुरेसा होता. दुसरी, सेव्ह फाइलच देणे-घेणे. तिसरी आणि सर्रास, ‘कोड मारणे’, म्हणजे चीट कोड टाकून हवे ते मिळवणे. शुद्धतावादी तिला नावे ठेवतात, पण तिच्यामागे कारण आहे. हो-ओह, लुगिया आणि डिऑक्सिस ज्या बेटांवर मिळतात तिथे जाण्याची तिकिटे कंपनीने जपान-अमेरिकेसारख्या देशांतल्या कार्यक्रमांत वाटली होती. दादर-बोरिवलीच्या मुलाला ती मिळण्याचा सरळ मार्ग नव्हताच.

कोड न मारणाऱ्याच्या वाट्याला वेगळा ताप. रत्नांचे काम झाल्यावर रायकू, एंटेई, सुइकून यांपैकी एक प्रदेशभर भटकू लागतो. कोणता, ते सुरुवातीला निवडलेल्या पोकेमॉनवर ठरते: बल्बासॉरला एंटेई, चारमँडरला सुइकून, स्क्विर्टलला रायकू. समोर आला की पहिल्याच पाळीत पळतो. रायकू किंवा एंटेईने ‘रोअर’ वापरून लढत संपवली तर प्रोग्राममधल्या चुकीमुळे तो त्या सेव्हमधून कायमचा नाहीसा होतो. मास्टर बॉलवरचा वर उल्लेखलेला वाद इथे पुन्हा पेटतो, आणि या खेळात तो रायकूवर टाकणाऱ्याला मी मूर्ख म्हणणार नाही.

अंडी आणि शायनी

वेगळ्या रंगाचा शायनी पोकेमॉन भेटण्याची शक्यता २०१३ पूर्वीच्या खेळांत ८,१९२ त एक होती, नंतर ४,०९६ त एक झाली. म्हणजे तेवढ्या भेटी झाल्या की तो मिळालाच पाहिजे, असे नाही. तोवर मिळून गेलेला असण्याची शक्यता सुमारे ६३ टक्के. उरलेले ३७ टक्के लोक शिव्या घालत खेळत राहतात. पोकेडेक्स पूर्ण करून मिळणारा शायनी चार्म ही शक्यता वाढवतो.

अंड्यांतून शायनी काढायची एक युक्ती २००६ च्या ‘डायमंड’ आणि ‘पर्ल’पासून खेळातच आहे. या खेळांचे दिग्दर्शक जुनिची मासुदा यांच्यावरून तिला मासुदा पद्धत म्हणतात. जोडीतले दोन पोकेमॉन वेगवेगळ्या भाषांतल्या खेळांतून आलेले असले की शक्यता वाढते. आताच्या खेळांत ती साधारण ६८३ त एक, आणि शायनी चार्म असेल तर ५१२ त एक. मराठी खेळाडूंची इथे पंचाईत होते. खेळात मराठी नाही, हिंदीही नाही, त्यामुळे ठाण्याचा आणि परळचा खेळाडू दोघेही इंग्रजीतच खेळतात आणि या कामी एकमेकांना शून्य उपयोगाचे ठरतात. म्हणून जपानी डिट्टोला मोठी मागणी. तो जवळपास कोणाशीही जोडी जमवतो, आणि आला की मित्रमंडळात फिरतो.

ताकदवान पोकेमॉन काढण्यासाठीचे ब्रीडिंग हा आणखी खोल नाद. ताकद, वेग अशा सहा गुणांपैकी प्रत्येकाला जन्मतःच ० ते ३१ मधला एक आकडा मिळतो आणि वर २५ स्वभावांपैकी एक. जोडीतल्या एकाच्या हाती डेस्टिनी नॉट दिली की २०१३ पासूनच्या खेळांत आईबापांच्या बारा आकड्यांपैकी पाच पिल्लाकडे जातात, एव्हरस्टोनने स्वभाव जातो. अंडे मात्र चालल्याशिवाय फुटत नाही. जुन्या खेळांत मॅजिकार्पला १,२८० पावले पुरत, ड्रॅटिनीला १०,२४०. ‘एमराल्ड’पासून ‘फ्लेम बॉडी’ ही क्षमता असलेला एखादा पोकेमॉन सोबत ठेवला की हे निम्म्यावर येते. खेळाचे सगळ्यांत कंटाळवाणे अंग हेच, आणि विरार-चर्चगेट प्रवासाला तेच सगळ्यांत सोयीचे: डोळे अर्धवट मिटून अंगठ्याने सायकल खाली-वर करत राहायचे, गर्दीचा धक्का बसला तरी बिघडत काही नाही. लढत अशी खेळता येत नाही. अलीकडच्या खेळांत मिंट आणि बॉटल कॅप वापरून स्वभाव व आकडे नंतरही सुधारता येतात, त्यामुळे हे कष्ट पुष्कळ कमी झाले.

यानंतरची पायरी म्हणजे अधिकृत नियमांच्या लढती: सहा पोकेमॉन आणायचे, त्यांतले चार निवडायचे, सगळे ५० व्या लेव्हलवर, एका वेळी दोन-दोन मैदानात. प्रशिक्षणाचे पॉइंट एकूण ५१०, सहापैकी एका गुणाला जास्तीत जास्त २५२. नोंदवहीत आकडेमोड करणारी माणसे इथे रमतात.

नवे खेळ आणि पोकेमॉन गो

निन्टेन्डोच्या ‘स्विच’ या यंत्रावरच्या खेळांनी दुसऱ्या खेळाडूचा प्रश्न इंटरनेटने सोडवला, पैसे घेऊन. ऑनलाइन अदलाबदलीला सदस्यत्व लागते. भारतासाठी निन्टेन्डोचे वेगळे ई-शॉप नसल्याने खाते दुसऱ्या देशाचे आणि भरणा प्रीपेड कोडने, असा द्राविडी प्राणायाम इथल्या खेळाडूंना पाठ झाला आहे. २०१९ च्या ‘स्वॉर्ड’ आणि ‘शील्ड’मध्ये आधीचे सगळे पोकेमॉन आणता येणार नाहीत असे जाहीर झाल्यावर जगभर गदारोळ झाला, सगळे गोळा करणे हेच तर पोस्टगेमचे ध्येय. आता एकूण जाती १,०२५ आहेत आणि त्या एकत्र ठेवण्याची जागा म्हणजे २०२० मध्ये सुरू झालेली ‘पोकेमॉन होम’ सेवा. फुकट खात्यात ३० पोकेमॉन मावतात, पैसे भरले तर ६,०००. २०२२ च्या ‘स्कार्लेट’ आणि ‘व्हायोलेट’मध्ये कथेनंतर जिम लीडरांशी पुन्हा लढती, अकादमीची स्पर्धा आणि त्यातून खुल्या होणाऱ्या कठीण टेरा रेड, म्हणजे अनेकांनी मिळून एका बलाढ्य पोकेमॉनशी करायच्या लढती, आहेत.

‘पोकेमॉन गो’ला मुख्य कथाच नाही, तो पहिल्या दिवसापासून पोस्टगेम. भारतात तो डिसेंबर २०१६ मध्ये जिओच्या भागीदारीत अधिकृतपणे आला, आणि दुसरा खेळाडू मुंबईत खऱ्या अर्थाने त्याच्यामुळे भेटला. मोठी रेड एकट्याने जिंकता येत नाही, म्हणून अनोळखी माणसे चौपाटीवर किंवा मैदानाच्या कठड्याशी फोन काढून एकत्र उभी राहतात.

नझलॉक

सगळे संपल्यावर तोच खेळ नव्याने, स्वतःवर नियम घालून खेळायची ही रीत २०१० पासून रुळली. हरलेला पोकेमॉन मेला असे समजून सोडायचा, प्रत्येक भागात फक्त पहिला भेटलेला पकडायचा, आणि जीव जडावा म्हणून प्रत्येकाला नाव ठेवायचे. खेळाच्या कळफलकावर देवनागरी नाही, तेव्हा ‘बंड्या’ आणि ‘भाऊ’ रोमन अक्षरांत लिहावे लागतात. एकट्याने खेळायचा चांगला पोस्टगेम कोणी विचारला तर मी हाच सुचवीन. त्याला ना केबल लागते ना सदस्यत्व.

जुने सेव्ह

जुन्या खेळांतले पोकेमॉन पुढेच नेता येतात, मागे आणता येत नाहीत: निन्टेन्डोच्या गेम बॉय ॲडव्हान्सवरून त्यानंतरच्या डीएसवर, तिथून थ्रीडीएसमधल्या ‘बँक’ या साठवण सेवेमार्गे ‘होम’मध्ये. थ्रीडीएसची ऑनलाइन सेवा ८ एप्रिल २०२४ रोजी बंद झाली, ‘बँक’ मात्र त्यानंतरही चालू ठेवली गेली. खऱ्या कार्ट्रिजच्या मालकांनी बॅटरीकडे लक्ष द्यावे. ‘रूबी’, ‘सफायर’, ‘एमराल्ड’ची बॅटरी संपली तर फक्त घड्याळ थांबते, सेव्ह राहतो. ‘गोल्ड’, ‘सिल्व्हर’, ‘क्रिस्टल’मध्ये सेव्हच बॅटरीवर जगतो, ती संपली की जमवलेले सगळे जाते. बॅटरी बदलता येते, ती डाग देऊन बसवलेली असल्याने लॅमिंग्टन रोडला सोल्डरिंग करणाऱ्याकडे न्यावी लागते. मात्र जुनी काढताक्षणी सेव्ह पुसला जातो, म्हणून आधी तो कार्ट्रिज रीडरने कॉम्प्युटरवर उतरवून घ्यावा आणि मगच कार्ट्रिज दुकानदाराच्या हाती द्यावी.