पोस्टातला पासपोर्ट: खिडकी पिंपरीला, मंजुरी बाणेरला

‘पासपोर्टचं काम पोस्टात होतं’ हे वाक्य पुण्यात बरीच वर्षं ऐकू येतंय. अर्थ मात्र दर काही वर्षांनी बदलला. आधी पोस्टात कोरा फॉर्म विकत मिळायचा. पुढे भरलेला फॉर्म पोस्ट घ्यायला लागलं. आता अर्जदारालाच जावं लागतं, फोटो आणि बोटांचे ठसे द्यायला. तयार पुस्तिका दारात आणून देणारा तर पोस्टमनच. त्यामुळे २०१७ मध्ये ‘आता पासपोर्ट पोस्टात’ अशी घोषणा झाली तेव्हा दहा रुपयांचा फॉर्म भरलेल्या पिढीला त्यात नवल ते काय वाटणार!

फार मागे जायची गरज नाही. पासपोर्टचा १९२० चा कायदा इंग्रजांचा. स्वातंत्र्यानंतरही पासपोर्ट द्यायचा की नाही हे सरकारच्या मर्जीवर होतं. १९६७ च्या एप्रिलमध्ये सर्वोच्च न्यायालयाने परदेशी जाणं हा व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग ठरवला. सरकारला आधी घाईने वटहुकूम काढावा लागला आणि त्याच वर्षी २४ जूनला आजचा कायदा झाला. कागदोपत्री हक्क मिळाला, रांग मात्र तशीच राहिली.

या शतकाच्या पहिल्या दशकात अर्ज करणं म्हणजे दिवसभराचा उद्योग. फॉर्म, फोटो, झेरॉक्सचा गठ्ठा, नोटरीच्या सहीचं प्रतिज्ञापत्र. निवडक पोस्टांतल्या स्पीड पोस्टच्या खिडकीवर किंवा जिल्ह्याच्या पासपोर्ट कक्षात अर्ज देता यायचा. पण तिथला कर्मचारी कागद मोजायचा, तपासायचा नाही. गठ्ठा पुढे पासपोर्ट कार्यालयात गेल्यावर चूक सापडायची आणि तसं पत्र यायचं, तेही पोस्टानेच. एजंटांचं फावलं ते या मधल्या आठवड्यांत.

२००८ मध्ये सरकारने एका खासगी आयटी कंपनीशी करार केला आणि पुढच्या काही वर्षांत देशभर ७७ सेवा केंद्रं उभी राहिली. पुण्याचं मुंढव्याला. टोकन, मग ए, बी, सी काउंटर. ए वर कंपनीची माणसं, बी आणि सी वर सरकारी. चूक तिथल्या तिथे कळू लागली, हा मोठाच फरक. पासपोर्ट कार्यालय बाणेरला आणि केंद्र मुंढव्याला, म्हणजे शहराची दोन टोकं. अपॉइंटमेंट मुंढव्याची आणि माणूस सकाळी बाणेरच्या फाटकात, हा गोंधळ अजूनही संपलेला नाही. या व्यवस्थेत पोस्टाकडे उरलं ते फक्त घरपोच पोहोचवणं. ऑक्टोबर २०१२ मध्ये साध्या अर्जाचं शुल्क हजारावरून दीड हजार झालं.

डिसेंबर २०१६ मध्ये नियम सैलावले. २६ जानेवारी १९८९ नंतर जन्मलेल्यांना जन्मदाखल्याची सक्ती होती, ती गेली. जोडपत्रं १५ वरून ९ वर आली, नोटरीऐवजी साध्या कागदावर स्वतःची सही चालू लागली. महिन्याभरातच, २५ जानेवारी २०१७ ला, म्हैसूर आणि दाहोदच्या पोस्टात प्रायोगिक केंद्रं उघडली. हिशेब सरळ होता. पोस्टाकडे गावोगावी इमारत आणि माणसं आहेत, पत्रं कमी झाल्याने जागाही मोकळी आहे.

पुढचा हिशेब तितका सरळ नव्हता. कुणालाही पासपोर्टसाठी ५० किलोमीटरपेक्षा लांब जावं लागू नये, असं उद्दिष्ट सांगितलं गेलं. केंद्रं मात्र ‘प्रत्येक लोकसभा मतदारसंघात एक’ या मापाने वाटायचं ठरलं. अंतर आणि मतदारसंघ ही दोन वेगळी मापं आहेत, आणि ती किती वेगळी हे पुण्याइतकं स्पष्ट क्वचितच कुठे दिसेल. पिंपरी आणि चिंचवड मावळ मतदारसंघात, तर त्याच महापालिकेतलं भोसरी शिरूरमध्ये. हडपसरही शिरूरमध्ये, खडकवासला बारामतीत. मावळ तर घाट उतरून पनवेल-उरणपर्यंत जातो. चिंचवडच्या माणसाला आणि उरणच्या माणसाला मिळून एक केंद्र, याला कुठलं अंतर म्हणायचं?

कोल्हापूरच्या बाजूने पाहिलं तर निर्णय चांगलाच होता, हेही सांगायला हवं. एका सहीसाठी सव्वादोनशे किलोमीटर पुण्याला येणं थांबलं. पण मापाला लोकसंख्या किंवा अर्जांची संख्या न लावता मतदारसंघ लावला, यात सोयीइतकाच कोनशिलेचाही विचार असावा, असं माझं मत. उद्घाटनाला प्रत्येक खासदाराला आपापलं एक पोस्ट मिळालं.

शिवाय वर्षभरातच मापाचा पायाच हलला. जून २०१८ मध्ये देशात कुठूनही अर्ज करायची मुभा आली. पोलीस पडताळणी तेवढी फॉर्मात लिहिलेल्या पत्त्यावर होणार. कोथरूडच्या माणसाला मुंढव्याची तारीख लांबची दिसली तर तो पिंपरीच्या पोस्टातली पाहतो, तीही नसेल तर आणखी लांबची. मतदारसंघ पाहून तारीख कोण घेतं? ‘जवळचं पोस्ट’ या शब्दांतला ‘जवळचं’ तेव्हाच गळाला.

‘पोस्टातलं’ या शब्दाचंही तसंच आहे. आमच्या सोसायटीतले एक काका फाईल घेऊन थेट गल्लीतल्या पोस्टात गेले आणि हात हलवत परत आले. प्रत्येक पोस्टात ही सोय नाही, आणि आहे तिथेही ऑनलाइन फॉर्म, पैसे आणि अपॉइंटमेंट घेऊनच जायचं. खिडकीवर कागद स्कॅन होतात, फोटो-ठसे घेतले जातात. पासपोर्ट मंजूर करायचा अधिकार पोस्टाकडे आलेला नाही, फाईल संगणकावरून पासपोर्ट कार्यालयाकडेच जाते. म्हणून ‘पोस्टात अडकलंय’ ही तक्रार बहुतेक वेळा चुकीच्या दारावर असते. अडकलेलं असतं पोलीस ठाण्यात, नाहीतर बाणेरला. पुण्यात भाड्याने राहणारे विद्यार्थी आणि आयटीवाले यांच्या बाबतीत तर बहुधा पत्त्याच्या पुराव्यात, म्हणजे भाडेकरारातच.

पोस्टातल्या केंद्रांची संख्या आता देशभरात चारशेच्या वर आहे. सप्टेंबर २०२२ पासून पोलीस क्लिअरन्सचा, म्हणजे नावावर गुन्हा नसल्याच्या दाखल्याचा, अर्जही तिथे घेतला जातो. फेब्रुवारी २०२५ च्या दुरुस्तीने १ ऑक्टोबर २०२३ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी जन्मदाखला पुन्हा सक्तीचा झाला. २०१६ मध्ये फायलीतून बाहेर पडलेला कागद तान्ह्या बाळांच्या फायलीत परत आला आहे.